असुंताची शाल आणि गालावरची खूण

काल रात्री ‘असुंता स्पीना’ दुसऱ्यांदा पाहिला. १९१५चा इटालियन मूकपट, नेपल्सच्या खऱ्याखुऱ्या रस्त्यांवर घेतलेला. पहिल्या वेळी मीही हळहळले होते, काय बाई हा त्याग! या वेळी मात्र नुसती चिडचिड झाली.

असुंता लोकांचे कपडे धुऊन, इस्त्री करून स्वतःचं पोट भरते. मिकेले नावाच्या खाटकाशी तिचं ठरलंय. गडी मुळातच संशयी, त्यात तिच्या मागे लागलेल्या राफाएलेचं निनावी पत्र. तिच्या वाढदिवसाला पोझिलिपोला सगळे जमतात, रुसव्याफुगव्यात ती राफाएलेबरोबर नाचते आणि परतताना मिकेले तिच्या गालावर सुरी फिरवतो. ‘स्फ्रेजो’ म्हणतात तिकडे याला. जीव घ्यायचा नसतो. उद्या बाजारात कुणीही तोंड बघून ओळखावं, हिनं काहीतरी ‘केलंय’. गुरांना डाग देतात ना, तसंच.

आणि ही कोर्टात जाऊन त्याचीच बाजू घेते!

त्याला २ वर्षांची शिक्षा होते, तीही लांब आवेल्लीनोला. तेवढ्यात कोर्टातला एक कर्मचारी, फुनेल्ली, पुढे होतो: ठेवतो त्याला इथेच नेपल्समध्ये, पण... तो ‘पण’ काय, हे मूकपटातही सांगावं लागत नाही. ती किंमत मोजते. गंमत म्हणजे पुढे ती खरंच फुनेल्लीत गुंतते. मला सिनेमा इथेच सगळ्यात आवडला, कारण पतिव्रतेच्या साच्यात हे बसतच नाही. मग फुनेल्लीला तिचा कंटाळा येतो, मिकेले लवकर सुटून येतो आणि फुनेल्लीचा खून करतो. पोलीस आल्यावर असुंता सांगते, मी मारलं.

गाल कापला, चूक हिची. तो तुरुंगात गेला, चूक हिची. मग खून तरी दुसऱ्याच्या नावावर कसा लागेल?

दिग्दर्शक म्हणून नाव गुस्ताव्हो सेरेनाचं, मिकेलेही तोच. पण खरं दिग्दर्शन असुंता झालेल्या फ्रान्चेस्का बेर्तिनीनंच केलं, असं पुढे त्यानंच सांगितलं. बेर्तिनी तेव्हा जेमतेम २३ वर्षांची. तिची ती शाल बघाच, अर्धी भूमिका शालच करते.

सकाळी चहा घेताना आईला तावातावानं सगळी गोष्ट सांगितली. ती म्हणाली, “मग काय करायला हवं होतं तिनं? तसला गाल घेऊन कुठे गेली असती?”

मी बिस्किट चहात बुडवत राहिले. ते पडलं शेवटी कपात.