रेल्वे आली, आणि घोडे वाढले

सध्या एक मेसेज ग्रुपाग्रुपांवर फिरतोय: ‘इंग्लंडात रेल्वे आली आणि घोडा बेकार झाला, कालवे ओस पडले, रेल्वेत पैसा लावणारे मालामाल झाले. आता एआय आलंय, वेळीच शहाणे व्हा.’ शहाणं जरूर व्हावं, पण इतिहास तरी धड सांगावा.

आधी घोडा. लांब पल्ल्याच्या प्रवासी घोडागाड्या रेल्वेने बंद पाडल्या हे खरं. 1830 मध्ये लिव्हरपूल-मँचेस्टर रेल्वे सुरू झाली आणि त्या रस्त्यावरच्या बहुतेक गाड्या लवकरच बंद पडल्या. मेसेजवाल्याने वाचन इथेच थांबवलेलं दिसतं. आगगाडी मालधक्क्यापर्यंत येते, दुकानाच्या दारात येत नाही. धक्क्यावर माल जितका जास्त उतरला, तितक्या तो पोचवायला गाड्या लागल्या, आणि गाड्यांना घोडे. 1901 मध्ये व्हिक्टोरिया राणी वारली तेव्हा ब्रिटनमध्ये अंदाजे तीस लाखांवर घोडे होते. 1837 मध्ये ती गादीवर आली तेव्हापेक्षा कितीतरी जास्त. खुद्द रेल्वे कंपन्याच बड्या घोडेमालक. लंडनच्या कॅम्डन मालधक्क्यावर घोड्यांना रूळ ओलांडावे लागू नयेत म्हणून 1850 च्या दशकात रुळांखालून बोगदा काढला होता. आत उजेड यायचा तो छतातल्या बिडाच्या जाळ्यांमधून. ब्रिटिश रेल्वेवर शंटिंग करणारा, म्हणजे स्टेशनात डबे एका रुळावरून दुसऱ्यावर हलवणारा शेवटचा घोडा निवृत्त झाला 1967 मध्ये, म्हणजे वाफेची इंजिनं बंद व्हायच्या जेमतेम दीड वर्ष आधी!

कालव्यांना दर पाडावे लागले, नफा आटला. पण ओस? बर्मिंगहॅमच्या कालव्यांवर एकोणिसावं शतक संपताना वर्षाला 80 लाख टनांहून जास्त माल हलत होता. कारखाने कालव्याकाठी होते. त्यांचा बराचसा माल बोटीतूनच रेल्वेच्या धक्क्यावर जायचा.

राहिले मालामाल होणारे. एकट्या 1846 मध्ये संसदेने नव्या मार्गांसाठी 272 कायदे मंजूर केले. त्यातले कित्येक मार्ग कागदावरच राहिले आणि शेअरचे भाव गडगडले. अनेक रेल्वे कंपन्यांचा अध्यक्ष, ‘रेल्वेचा राजा’ म्हणून मिरवणारा जॉर्ज हडसन लाभांश नफ्यातून नव्हे, भांडवलातूनच वाटत होता, हे 1849 मध्ये बाहेर आलं. पुढे कर्जापायी तो तुरुंगातही गेला.

रूळ टाकणाऱ्यांपेक्षा रूळ वापरणाऱ्यांचं जास्त भलं झालं, असं माझं मत. बर्टन गावचे बिअरवाले बघा. त्यांची पिंपं रेल्वेने लंडनला इतकी यायला लागली, की 1868 मध्ये उघडलेल्या सेंट पँक्रस स्टेशनच्या तळघरात खांबांमधलं अंतर बिअरच्या पिंपाच्या मापावरून ठरवलं गेलं.