सीतेची वेणी म्हणजे बांडगूळ नव्हे

परवा गावाहून चुलतभावाचा फोन आला. कलमांची साफसफाई चाललीय, गड्यांनी बांडगूळ उतरवलं, त्याबरोबर "ती तुझी फुलांची झाडं पण गेली रे" म्हणाला. सहज म्हणाला तो. मला मात्र दोन दिवस दुसरं काही सुचलेलं नाही, म्हणून हे लिहितोय. कोकणातल्या प्रत्येक बागायतदाराने वाचावं अशी कळकळीची विनंती.

ती फुलं म्हणजे सीतेची वेणी, झाडांवर वाढणारं एक ऑर्किड. कुणी द्रौपदीची वेणीही म्हणतात. मे सरत आला, वळवाची एखादी सर पडून गेली की जुन्या रायवळ आंब्यावर, फणसावर, ऐनावर हे गुलाबी-पांढरे तुरे लोंबायला लागतात. एकेका तुऱ्यात शंभराच्या वर फुलं, इतकी दाटीवाटीने की खरंच कुणाचा तरी माळलेला शेपटा वाटावा. एक फूल जवळून बघा कधी. अंगठ्याच्या नखाएवढं. पांढरट पाकळ्यांवर जांभळे ठिपके, मधली पाकळी मात्र पूर्ण जांभळी-गुलाबी आणि तिच्यामागे एक चपटी पिशवी. पानं जाड पट्ट्यासारखी, मधोमध पन्हळ असलेली, टोकाला कुणी कुरतडल्यासारखी. रिंकोस्टायलिस रेट्युसा या शास्त्रीय नावातलं 'रेट्युसा' त्या खाच पडलेल्या टोकावरूनच आलंय.

आता मुद्द्याचं. आमच्याकडे झाडावर वाढणारं जे काही दिसेल ते बांडगूळ. "ह्या बांडगूळ झाडाचा रगात पिता" हे मी लहानपणापासून ऐकतोय. खऱ्या बांडगुळाबद्दल ते चूक नाही. त्याचं चिकट बी फुलटोच्या पक्षी फांदीवर पुसतो, ते तिथेच रुजतं आणि त्याचं मूळ साल फोडून थेट लाकडात घुसतं. तिथे फांदीला गाठ येते, पुढची फांदी हळूहळू वाळते. ते काढायलाच हवं.

पण सीतेची वेणी झाडाकडून काहीच घेत नाही, फक्त बसायला जागा घेते. तिची मुळं सालीवर पसरलेली असतात, करंगळीएवढी जाड, पांढरीफटक. त्या पांढऱ्या रंगात सगळी गंमत आहे. मुळाभोवती स्पंजासारखं आवरण असतं, ते पावसाचं, धुक्याचं, दवाचं पाणी शोषून घेतं. कोरड्या मुळावर ओंजळभर पाणी टाकून बघा, बघता बघता हिरवं होतं, कारण आतल्या हिरव्या पेशी दिसायला लागतात. ही मुळंसुद्धा पानांसारखी उन्हात अन्न तयार करतात. रोप सालीवरून सोडवलं तर खाली साल जशीच्या तशी. ना भोक, ना गाठ. गड्यांना एवढी खूण दाखवली तरी पुरे.

आणि एकदा उतरवलं की पुन्हा येईल या भ्रमात राहू नका. ऑर्किडचं बी धुळीसारखं असतं. एका बोंडात हजारोंनी, पण कुठल्याच बीजात अन्नाचा साठा नाही. सालीवरची योग्य बुरशी भेटली आणि तिने अन्न पुरवलं तरच ते रुजतं. त्यानंतर फुलायला कित्येक वर्षं जातात. म्हणून जुनी, खरबरीत सालीची झाडं हवीत. आमच्याकडे बहुतेक जंगल खाजगी मालकीचं. रायवळ आंबे फळीसाठी जातात, ऐन-किंजळ जळणासाठी. ट्रक भरताना त्या फांद्यांवर काय होतं हे कोण बघतो?

आसामात हेच फूल कोपौ फूल म्हणून राज्यफूल आहे, बिहूला बायका ते केसांत माळून नाचतात. आपण त्यावर कोयता चालवतो. मला हे लागतं, मनापासून लागतं.

दुसरा राग शहरातल्या हौशी लोकांवर. गावाला गेल्यावर फुललेलं रोप मुळं ओरबाडून आणायचं, बाल्कनीत कुंडीत मातीत खोचायचं. मातीत त्या मुळांना हवा मिळत नाही, ती कुजतात. पुढच्या मे महिन्यात कुंडी रिकामी. आवडत असेल तर झाडावरच बघा ना, तिथे ती तुमच्या नातवंडांनाही दिसेल.

झाड पडलंच, तोडावंच लागलं, तर मात्र रोप उचला. मुळं शक्य तेवढी सालीसकट सोडवा आणि जवळच्या जुन्या झाडावर, सकाळचं ऊन लागेल अशा जागी सुंभाने बांधा. माती नको, खत नको. पावसाच्या तोंडावर बांधलं तर पावसाळ्यात नवी मुळं साल धरतात. सुंभ नंतर आपोआप कुजून पडतो.

२०२१ च्या मे महिन्यात तौक्ते वादळात आमच्या परड्यातला रायवळ मुळासकट आडवा झाला. फांद्यांवर वेणीची पाच रोपं होती, तीन फुललेली. लाकूड तोडायला माणसं यायच्या आत मी आणि आईने ती सोडवून मागच्या फणसावर बांधली. दोन मेली. एकाने नुसती पानं धरलीत. उरलेल्या दोघांना यंदा तुरे आले, आणि आईने फोनवर आधी तेच सांगितलं, मग आंब्याचं.