कार्व्हरनी पीनट बटर शोधलं नाही, मुलांना खरं काम सांगा

पालकांच्या आणि शिक्षकांच्या ग्रुपवर तो मेसेज परत फिरायला लागलाय, "मुलांना ही गोष्ट नक्की वाचून दाखवा" वाला. त्यात म्हटलंय की गुलाम म्हणून जन्मलेले शेतीशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर यांनी पीनट बटरचा शोध लावला, शेंगदाण्यापासून ३०० वस्तू बनवल्या, अमेरिकेच्या दक्षिणेतली शेती एकट्याने वाचवली, आयुष्यात एकही पेटंट घेतलं नाही आणि एडिसनची लाख डॉलर पगाराची नोकरी नाकारली. वीणा गवाणकरांच्या 'एक होता कार्व्हर'मुळे १९८१ पासून मराठी घरांत या माणसाबद्दल आपुलकी आहे, त्यामुळे मेसेज आला की लोक लगेच पुढे पाठवतात. आणि हेच दावे लहान मुलांच्या कितीतरी इंग्रजी चित्रपुस्तकांतही येतात. मी मुलांसाठी पुस्तकं निवडते, कार्व्हर मला फार जवळचे वाटतात, आणि म्हणूनच हे सगळं एकेक करून सांगावंसं वाटतंय.

गुलाम म्हणून जन्मले हे खरंच आहे. मिसुरी राज्यातल्या डायमंड गावाजवळ मोझेस कार्व्हरच्या शेतावर, १८६४ च्या आसपास. तान्हं असताना आईसकट त्यांना पळवून नेलं, बाळ परत मिळालं, आई कधीच मिळाली नाही. यात कुणी काही वाढवून सांगायची गरजच नाही.

आता पीनट बटर. दाणे वाटून खाणं दक्षिण अमेरिकेत शेकडो वर्षांपासून चालू होतं. शेंगदाण्याच्या पेस्टचं पेटंट १८८४ मध्ये माँट्रियलच्या मार्सेलस एडसननी घेतलं, आणि कॉर्नफ्लेक्सवाले डॉ. केलॉग यांनी १८९५ मध्ये त्यांच्या पद्धतीसाठी अर्ज केला. त्या वर्षी कार्व्हर आयोवाच्या शेतकी कॉलेजात एमएससीचा अभ्यास करत होते, विषय झाडांचे आणि बुरशीचे रोग. टस्कीगीला (अलाबामा राज्यातली काळ्या विद्यार्थ्यांची शिक्षणसंस्था) ते १८९६ मध्ये गेले आणि शेंगदाण्याचं काम त्यानंतरचं. म्हणजे तारखा बघितल्या तरी हा दावा उभा राहत नाही.

३०० वस्तूंचं थोडं समजून घ्यायला पाहिजे. शेंगदाण्यावरची त्यांची प्रसिद्ध पुस्तिका १९१६ ची, भुईमूग कसा लावावा आणि तो खायच्या १०५ पद्धती. त्यातल्या बऱ्याच पाककृती त्यांनी मासिकांमधून, पाककृतींच्या पुस्तकांमधून गोळा केल्या होत्या आणि तसं त्यांनी तिथेच लिहिलंय, म्हणजे स्वतः त्यांनी श्रेय लाटलेलं नाही, ते नंतर लोकांनी त्यांच्या नावावर चढवलं. पुढे ३०० चा आकडा ज्या यादीवरून आला तिच्यात खाण्याचे पदार्थ आहेत, कापड आणि चामडं रंगवायच्या रंगांच्या छटा वेगवेगळ्या मोजल्यात, क्रीम आहेत, आणि बहुतेक वस्तू बाजारात कधी आल्याच नाहीत. १९२१ मध्ये अमेरिकन संसदेच्या समितीपुढे शेंगदाण्यावरच्या आयातकराबद्दल बोलायला त्यांना १० मिनिटं दिली होती, त्यांनी पेटीतून एकेक नमुना काढून दाखवायला सुरुवात केली आणि सदस्यांनी वेळ वाढवून दिला. तिथून ते देशभर 'शेंगदाणेवाले' म्हणून प्रसिद्ध झाले आणि आधीचं सगळं काम त्या प्रसिद्धीच्या मागे गेलं.

आणि ते आधीचं काम हेच खरं तर पुस्तकात पाहिजे!

मेसेजमधलं "एकट्याने शेती वाचवली" हे वाक्य मला सगळ्यात जास्त खटकतं, कारण त्यात शेतकरीच गायब होतात. १८९६ मध्ये आयोवाहून रेल्वेने अलाबामाला येताना त्यांनी खिडकीतून काय पाहिलं ते नंतर लिहून ठेवलंय, गव्हाची सोनेरी शेतं मागे पडली आणि मग नुसता कापूस, खुरटलेली गुरं, हाडं दिसणारी खेचरं, पावसाने चिरा पडलेली टेकाडं. कापूस झोपडीच्या दारापर्यंत लावलेला, भाजीला जागा नाही. तिथले बहुतेक काळे शेतकरी बटाईवर कसायचे, जमीन मालकाची, बी-अवजारं उधारीवर आणि उधारी देणाऱ्याला कापूसच पाहिजे, कारण कापूस विकून पैसा येतो, चवळी विकून येत नाही. म्हणजे "कापूस सोडा, भुईमूग लावा" असं सांगितलं आणि लोकांनी ऐकलं असं ते झालंच नाही, त्यांच्या हातात तो निर्णयच नव्हता. बोंडं पोखरणाऱ्या भुंगेऱ्याने (बोल वीव्हिल) कापूस खाल्ला, पहिल्या महायुद्धात तेलबियांना मागणी वाढली, तेव्हा कुठे भुईमुगाखालचं क्षेत्र वाढलं. पिकांची फेरपालट ही सुद्धा कार्व्हरच्या कितीतरी आधीपासून माहीत होती.

मग त्यांनी काय केलं? टस्कीगीच्या प्रयोगक्षेत्रासाठी सरकारकडून वर्षाला १,५०० डॉलर मिळायचे, आणि जमीन मिळाली ती झिजलेली. त्यांनी ठरवलं की इथे तेच करायचं जे बिनपैशाच्या माणसाला जमेल. रासायनिक खत विकत आणायला ज्याच्याकडे पैसे नाहीत त्याने दलदलीतला काळा गाळ, पानांचा कचरा, शेणखत टाकायचं, चवळी लावायची कारण तिच्या मुळांवरच्या गाठी हवेतला नत्र धरून ठेवतात, नंतर रताळी, मग कापूस. पुस्तिकाही तशाच लिहिल्या, शेतकऱ्याला लागवड कळेल, शिक्षकाला त्यामागचं शास्त्र आणि घरच्या बाईला त्याचे पदार्थ काय करायचे ते, सगळं एकाच पुस्तिकेत. त्यांची पहिलीच पुस्तिका (१८९८) ओकची फळं डुकरांना खायला घालण्याबद्दल होती, कारण ती जंगलात फुकट पडलेली असायची. रोजचं जेवण म्हणजे मक्याचं पीठ, डुकराची चरबी आणि काकवी, त्यातून पेलाग्रा हा आजार यायचा, म्हणून चवळी आणि शेंगदाण्याचे एवढे पदार्थ! ती १०५ ची यादी या बाजूने वाचली की एकदम वेगळी दिसते, नाही का.

ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांच्यासाठी १९०६ मध्ये जेसप वॅगन निघाली, खेचरं जोडलेली गाडी, त्यात नांगर, बियाणं, लोणी काढायचं यंत्र वगैरे. गाडी गावोगाव न्यायची, शेतातच करून दाखवायचं. आणि ती चालवायचे थॉमस कॅम्पबेल, कार्व्हरचे विद्यार्थी आणि अमेरिकन कृषी खात्याचे पहिले काळे विस्तार अधिकारी. मुलांच्या किती पुस्तकांत कॅम्पबेल असतात? माझ्या हातात आलेल्या पुस्तकांत तरी फारच कमी.

पेटंटचं पटकन सांगते. त्यांनी ३ पेटंटं घेतली, २ १९२५ मध्ये आणि १ १९२७ मध्ये, सौंदर्यप्रसाधनं आणि रंगांची. १९२३ मध्ये त्यांच्या नावाची कंपनीही निघाली होती. फार काही चाललं नाही. पण पैशाच्या मागे न लागणारा माणूस हे खरंच आहे, साठवलेल्या पैशातून त्यांनी स्वतःच्या नावाच्या फाउंडेशनला देणगी दिली, पुढच्या संशोधनासाठी.

एडिसनच्या नोकरीबद्दल कार्व्हर स्वतः सांगायचे, त्यामुळे काहीतरी बोलणं झालं असेल. पण रकमेला कागदोपत्री आधार नाही आणि सांगणाऱ्यागणिक ती बदलत गेलीये. मुलांच्या पुस्तकात आकडा छापू नये एवढंच माझं म्हणणं.

हे सगळं कुणाला सांगितलं की उत्तर येतं, "अगं लहान मुलं आहेत, त्यांना उधारी न् बटाई काय कळणार, पीनट बटर लगेच कळतं." मला हे पटत नाही. चौथीतल्या मुलांना मी कापूस दारापर्यंत लावायचे हे वाचून दाखवलं तर पहिला प्रश्न हाच आला की मग ते खायचे काय, आणि तिथून उधारीपर्यंत ती स्वतःच पोचली. शेतकऱ्याच्या घरातलं मूल असेल तर त्याला तर आपण समजावायचीही गरज नसते, उलट तेच आपल्याला सांगतं.

तर तो मेसेज आला की पुढे पाठवायच्या आधी निदान पीनट बटरचं वाक्य काढा आणि त्या जागी जेसप वॅगन लिहा, थॉमस कॅम्पबेलच्या नावासकट.