चकती सॅटेलाइटशी बोलत नाही, शेजारच्या फोनशी बोलते

गेल्या आठवड्यात आमच्या घरच्या ग्रुपवर आत्याने एक फॉरवर्ड टाकला. तुमच्याकडेही पोहोचला असेल, असे मजकूर एका घरात राहत नाहीत. "एक छोटी चकती, तुमची प्रत्येक वस्तू सुरक्षित! थेट सॅटेलाइटशी जोडलेली. सिम नको, रिचार्ज नको, इंटरनेट नको. भारतात कुठेही, जंगलातसुद्धा, लाइव्ह लोकेशन. गाडीत लपवा, चोर सुटूच शकत नाही." त्याखाली वाटेत कुणीतरी पुस्ती जोडलेली: "सावधान! दुसऱ्यांच्या चकत्या तुमचा फोन वापरतात. ब्लूटूथ बंद ठेवा, नाहीतर तुमचा ठावठिकाणा सगळ्यांना कळेल." म्हणजे वर जाहिरात आणि खाली धोक्याची घंटा, एकाच मेसेजात.

आत्याने विचारलं होतं, "खरं आहे का रे? चाव्यांना लावून घेऊ?" ग्रुपवर लांब उत्तर लिहिलं की त्यावर फक्त अंगठे येतात, म्हणून इथे लिहितोय.

"थेट सॅटेलाइटशी जोडलेली."

नाही. ॲपलचा एअरटॅग घ्या, सॅमसंगचा स्मार्टटॅग घ्या, टाइल घ्या नाहीतर जिओटॅग. हरवलेली वस्तू शोधण्यासाठी लावायच्या या सगळ्या चकत्याच, आणि यांच्यात जीपीएस नसतंच. एअरटॅगची पाठ दाबून फिरवली की आत सीआर२०३२ सेल दिसतो, तोच, जो वजनकाट्यात आणि गाडीच्या रिमोटमध्ये असतो. बाकी ब्लूटूथची चिप, एक बारका स्पीकर, फोन टेकवून वाचता येणारी एनएफसी आणि अगदी जवळ गेल्यावर दिशा दाखवणारी अल्ट्रा-वाइडबँडची चिप. सगळं मिळून ११ ग्रॅम.

मुळात जीपीएसचे उपग्रहही कुणाला 'शोधत' नसतात. ते वरून नेमकी वेळ आणि स्वतःची जागा सांगत राहतात, खालचा रिसीव्हर त्यावरून आपण कुठे आहोत ते काढतो. ती जागा दुसऱ्याला कळवायची तर वेगळी सोय लागते, बहुधा सिमकार्ड. टॅक्सी आणि बसमध्ये एआयएस-१४० नियमाखाली जे ट्रॅकर बसवतात त्यात सिम असतं आणि ते गाडीच्या बॅटरीवर चालतात. वजनकाट्यातल्या सेलवर असलं यंत्र काही तासांत मान टाकेल.

मग चकती करते काय? जत्रेत हरवलेलं लहान पोर डोळ्यासमोर आणा. आपण कुठे उभे आहोत हे त्याला सांगता येत नाही, ते फक्त रडतं. शेजारून जाणाऱ्याला ऐकू येतं आणि तो चौकीवर जाऊन सांगतो, "पाळण्यापाशी एक पोर रडतंय." चकती तेवढंच करते. दर एक-दोन सेकंदांनी ब्लूटूथवरून एक छोटा संदेश हवेत सोडते. आसपास त्याच जाळ्यातला, म्हणजे त्याच कंपनीच्या शोधयंत्रणेत सामील असलेला, फोन असला तर तो हा संदेश ऐकतो, स्वतःची जागा बघतो आणि इंटरनेटवरून कळवतो. म्हणजे नकाशावर दिसणारा ठिपका चकतीचा नसतो. ज्या फोनने ती ऐकली, त्या फोनचा असतो. बॅग तिसऱ्या मजल्यावर की तळघरात, ती या इमारतीत की पलीकडच्या, यात गल्लत होते ती यामुळेच.

"लाइव्ह लोकेशन."

इथे मी स्वतः फसलो होतो, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

मे महिन्यात देवगडहून हापूसच्या ४ पेट्या येणार होत्या. पाठवणारे ओळखीचे, पेट्या टेम्पोत दुसऱ्यांच्या मालासोबत. मी गंमत म्हणून त्यांना आधीच एक एअरटॅग पाठवून दिला होता, तो त्यांनी एका पेटीत पेंढ्याखाली ठेवला. टेम्पो संध्याकाळी सातला सुटला आणि मी फोन घेऊन बसलो, जणू क्रिकेटचा स्कोअर बघतोय.

ठिपका देवगडातच बसून राहिला. आठ वाजले, नऊ वाजले. खाली बारीक अक्षरांत '२ तासांपूर्वी दिसले'. फोंडा घाट आणि दाजीपूरच्या जंगलातून टेम्पो वर येत होता तेव्हा माझ्या फोनवर तो अजून समुद्रकाठीच होता. बायको म्हणाली, "आंबे विकले त्यांनी." मग एकदम कोल्हापूर. मग पुन्हा शांतता. मग किणीचा टोलनाका, पुढे तासवडे, मग आनेवाडी, शेवटी खेड शिवापूर. मधलं काहीच नाही.

नाकेच का दिसले, हे सकाळी डोक्यात उजेड पडल्यावर कळलं. टेम्पोत ड्रायव्हर एकटा आणि त्याचा फोन अँड्रॉइड, म्हणजे ॲपलच्या जाळ्याच्या दृष्टीने टेम्पोत कुणी नव्हतंच. हायवेवर शेजारून गाडी झुईकन निघून जाते. तेवढ्यात तिच्यातल्या आयफोनला चकती ऐकू यावी, हा नशिबाचा भाग. नाक्यावर मात्र फास्टॅग असूनही रांग लागतेच. बाजूच्या लेनमध्ये कुणाची तरी कार दोन मिनिटं थांबते, तिच्यातल्या फोनला हाक ऐकू येते. माझ्या आंब्यांचा माग अशा चार-सहा अनोळखी लोकांच्या खिशांनी काढला आणि त्यांना त्याचा पत्ताही नाही. पहाटे ठिपका गुलटेकडीच्या मार्केट यार्डात आला आणि मग हलेचना, कारण तिथे फोनच फोन.

याला लाइव्ह म्हणत नाहीत. शेवटचं कधी ऐकू आलं, एवढंच ते सांगतं.

"भारतात कुठेही, जंगलातसुद्धा."

वरच्या गोष्टीत उत्तर आलंच आहे. जंगलात माणूस नाही, म्हणून फोन नाही, म्हणून ठिपका नाही. पण 'कुठेही' या शब्दात आणखी एक पाचर आहे आणि विकत घेताना लोक तिथेच चुकतात. एअरटॅगची हाक फक्त ॲपलची उपकरणं पुढे पोहोचवतात. मुंबईत किंवा पुण्यात ठीक आहे, चार पावलांवर आयफोन असतो. तालुक्याच्या गावी एसटी स्टँडवर शंभर फोन असतील, त्यातले आयफोन किती? आपल्याकडे बहुतेकांच्या हातात अँड्रॉइडच आहे.

गूगलने अँड्रॉइडचं असं जाळं एप्रिल २०२४ मध्ये अमेरिका आणि कॅनडापासून सुरू केलं, मग ते बाकी जगात आलं. आता त्याचं नाव फाइंड हब. संख्येने ते आपल्याकडे भारी पडायला हवं. पण गूगलने एक सावधगिरी बाळगली: मुळातली सेटिंग 'फक्त वर्दळीच्या ठिकाणी' अशी ठेवली. एकट्या फोनने ऐकलेली हाक गूगल पुढे दाखवत नाही, अनेक फोनांनी ऐकली तरच दाखवतो. खाजगीपणासाठी हे चांगलं, पण आडरस्त्याला पडलेल्या पाकिटासाठी वाईट. सेटिंग बदलून 'सगळीकडे' करता येते. बदलणारे किती, ते सांगायला नको.

"इंटरनेट नको."

चकतीला नको, बरोबर. ज्या फोनने ऐकलं त्याला लागतं आणि ठिपका बघणाऱ्या तुम्हालाही लागतं.

"ब्लूटूथ बंद ठेवा, नाहीतर ठावठिकाणा सगळ्यांना कळेल."

ही पुस्ती मला वरच्या जाहिरातीपेक्षा जास्त खटकते, कारण ती ऐकून लोकांनी खरंच ब्लूटूथ बंद केलं तर चकती निरुपयोगी होते. शंका मात्र वाजवी आहे. माझा फोन परक्याच्या चकतीसाठी स्वतःची जागा कळवतोय, तर ती कंपनीला कळत नाही का?

ॲपलची मांडणी अशी. चकती हवेत जे सोडते ते एक उघडं कुलूप समजा. तुमचा फोन आपल्या जागेची चिठ्ठी डब्यात टाकतो, त्याला ते कुलूप लावतो आणि डबा ॲपलकडे देतो. कुलूप लावायला किल्ली लागत नाही, दाबलं की लागतं. उघडायची किल्ली फक्त चकतीच्या मालकाच्या उपकरणांत असते. ॲपलकडे नुसते बंद डबे पडलेले. मालकाला जागा कळते, पण ती कुणाच्या फोनने कळवली ते कळत नाही. आणि तेच कुलूप बघून बघून कुणी चकतीचा माग काढू नये म्हणून कुलूपही बदलत राहतं: मालक जवळ असताना साधारण दर १५ मिनिटांनी, दूर असताना दिवसातून एकदा.

हे कंपनीच्या शब्दावर विश्वास ठेवून सांगत नाही. जर्मनीत डार्मस्टाटच्या तंत्र विद्यापीठातल्या संशोधकांनी ही यंत्रणा सुटी करून तपासली आणि २०२१ मध्ये निष्कर्ष छापले. मूळ आराखडा त्यांना एकंदरीत ठीक वाटला. ॲपलच्या मॅक संगणकांमधली एक चूक मात्र त्यांनी पकडली, जिच्यामुळे मालकाच्या जागांचा इतिहास बाहेर येऊ शकला असता. ॲपलने ती दुरुस्त केली. गूगलच्या जाळ्यातही जागेची माहिती अशीच कुलूपबंद जाते. पण हे सगळ्या चकत्यांना लागू नाही. बाजारात अडीचशे-तीनशेला मिळणाऱ्या, स्वतःचंच वेगळं ॲप मागणाऱ्या चकत्यांबद्दल मी हमी देणार नाही. त्यांच्यातल्या बऱ्याच कुठल्याच मोठ्या जाळ्यात नसतात. तुमच्या फोनपासून दहा-पंधरा मीटरवर गेल्या की मुक्या.

"गाडीत लपवा, चोर सुटूच शकत नाही."

चोराला कळतं. आणि ते मुद्दामच तसं केलेलं आहे. २०२१ मध्ये एअरटॅग आला आणि लगेच लोकांनी तो दुसऱ्यांच्या, विशेषतः बायकांच्या, पर्समध्ये आणि गाडीत लपवायला सुरुवात केली. त्यावर उपाय म्हणून मालकापासून दूर असलेली चकती ८ ते २४ तासांत कधीतरी हलवल्यावर वाजते. मे २०२४ पासून ॲपल आणि गूगलने मिळून ठरवलेल्या पद्धतीने आयफोन आणि अँड्रॉइड, दोन्हीकडे 'अनोळखी चकती तुमच्यासोबत फिरते आहे' अशी सूचना येते. फोनला ही बाई आहे की बाइकचोर हे कळत नाही आणि कळत नसेल तर बाईच्या बाजूने चूक व्हावी, हे मला तरी पटतं. त्यात सीटखाली चारी बाजूंनी लोखंड असलं तर हाक आधीच अर्धमेली होते. गाडीसाठी सिमवाला ट्रॅकरच घ्या. आणि ठिपका दिसला म्हणून एकट्याने त्या दारावर जाऊ नका. फोन पोलिसांना दाखवा. शिवाय तो ठिपका शेजारच्या दाराचाही असू शकतो, वर सांगितलंच.

फॉरवर्डच्या एका आवृत्तीत "विमानात बंदी आहे" असंही आहे. ते ऑक्टोबर २०२२ मधल्या गोंधळाचं उरलंसुरलं. लुफ्तान्सा या जर्मन विमान कंपनीने चेक-इन सामानात चकत्या नकोत असं सांगितलं आणि काही दिवसांतच माघार घेतली. त्या सेलमध्ये लिथियम साधारण ०.१ ग्रॅम असतं, धोका नाही. उलट डिसेंबर २०२४ पासून आयफोनवरून हरवलेल्या बॅगेच्या जागेची लिंक विमान कंपनीला देता येते. बॅग मिळाली की ती लिंक बंद होते, नाहीतर ७ दिवसांनी आपोआप.

आता आत्या, तुझ्या चाव्यांचं. तुझा फोन अँड्रॉइड आहे, तेव्हा एअरटॅग घेऊ नकोस, तो जोडायलाच आयफोन लागतो. सॅमसंगचा स्मार्टटॅग सॅमसंगच्याच फोनला चालतो. जिओटॅगमध्येही एक ॲपलच्या जाळ्यावरचा आहे आणि एक गूगलच्या, तेव्हा खोक्यावर फाइंड हब लिहिलंय ना ते बघून घे. चाव्या घरातच कुठेतरी असतात, त्यासाठी जाळं-बिळं काही लागणार नाही, ॲपमधून वाजवलीस की झालं. आणि वर्षभराने सेल बदलताना एक लक्षात ठेव: लहान मुलांनी गिळू नये म्हणून काही सेलवर कडू लेप असतो, त्यामुळे कधीकधी नवा सेल घालूनही चकती सुरू होत नाही. लगेच दुकानदाराशी भांडू नकोस, बिनलेपाचा मागून बघ.