अंगणातली खार, माळावरची मेंढी: एका प्रतिक्रियेला उत्तर

ताई, खारींच्या अंगावर बॉटफ्लाय या माशीच्या अळीमुळे गाठी कशा येतात, यावर मी लिहिलं त्याखालची तुमची प्रतिक्रिया वाचली. तुमचे आक्षेप दोन. एक, ही माशी अमेरिकेतली, सोलापूरच्या माणसाला तिचं काय करायचंय? आणि दुसरा, जास्त रागाचा: जुळे सोलापुरात तुमच्या अंगणात पडलेल्या खारीच्या मानेत अळ्या वळवळत होत्या आणि मी मात्र ‘अळी उपटून काढू नका’ असं सांगतो, ही कसली भूतदया?

दुसरा आक्षेप आधी घेतो, कारण तिथे जिवाचा प्रश्न आहे.

तुमच्या खारीला बॉटफ्लाय झालेली नव्हती. तुम्हीच लिहिलंय की मांजरानं धरल्याचे व्रण होते, जखम उघडी होती, घाण वास येत होता आणि आत अळ्यांचा नुसता बुजबुजाट होता. आपल्याकडे कुत्र्याच्या कानात किंवा गाईच्या खांद्याला ‘किडे पडले’ म्हणतात, तेच हे. गुरांच्या जखमांत यामागे बहुतेक वेळा क्रायसोमाया बेझियाना ही निळसर-हिरवी चकाकणारी माशी असते. जखमेच्या कडेला ती शेकडा-दीडशे अंडी एकगठ्ठा घालते. दिवसभरात अळ्या बाहेर पडतात आणि डोकं आत खुपसून जिवंत मांस खात खोल जातात. वरून बघितलं तर त्यांची फक्त मागची टोकं दिसतात, एकाला एक चिकटलेली, श्वासासाठी वर काढलेली. सडकं मांस खाणाऱ्या अळ्यांसारखी ही अळी वरवरची नसते. अशा जखमेत थांबायला वेळच नाही. जेमतेम शंभर ग्रॅमची खार एक-दोन दिवसांत हातची जाते. तिथे अळ्या काढायच्याच, सगळ्या काढायच्या, त्याच दिवशी.

बॉटफ्लायचं याच्या अगदी उलट आहे. खारींना होणारी क्युटेरेब्रा ही माशी फक्त अमेरिका खंडांत आढळते. ती जखम शोधत नाही. झाडाच्या सालीवर, बिळाच्या तोंडाशी अंडी घालते. जवळून खार गेली की तिच्या अंगाच्या उबेनं अळी बाहेर येते, नाकातोंडातून आत शिरते आणि आतून प्रवास करत कातडीखाली येऊन थांबते. एका गाठीत एकच अळी आणि गाठीच्या माथ्यावर तिला श्वास घ्यायला एक गोल भोक. खार खाते, पळते, झाडावर चढते. तीन-चार आठवड्यांनी अळी आपण होऊन भोकातून बाहेर पडते, मातीत जाऊन कोष करते आणि गाठ बहुधा भरून येते. गाठी फार झाल्या किंवा पिल्लू अशक्त असलं तर त्रास होतो, पण बहुतेक खारी यातून वाचतात. उलट गाठ दाबून अळी आतच फुटली तर जखम चिघळते, जनावराला ॲलर्जीचा झटकाही येऊ शकतो. ‘काढू नका’ मी लिहिलं ते या गाठीबद्दल, आणि आजही त्यावर ठाम आहे.

मग इथल्या माणसाला हे कशाला सांगायचं? कारण गाठ पिळून अळी काढण्याचे तिकडचे व्हिडिओ आपल्या मोबाईलवर रोज येतात. ते बघून कुणी इथल्या मांजराचा गळू पिळतो, तर कुणी ‘आपोआप बरं होतं’ म्हणून किडे पडलेली जखम तशीच सोडतो. दोन्हीकडे मरण मुक्या जिवाचं.

आणि बॉटफ्लाय आपल्याकडे नाहीच, हे मात्र मला मान्य नाही. खारींची नाही. मेंढ्यांची आहे, ईस्ट्रस ओव्हिस. सांगोला-मंगळवेढ्याच्या माळावर भर दुपारी मेंढ्या डोकी एकमेकींच्या पोटाखाली खुपसून घोळका करून उभ्या राहतात, ते उन्हासाठी असतंच. पण मधूनच एखादी पाय आपटते, नाक मातीत घासते, फुरफुरते, तेव्हा बहुधा ही माशी आलेली असते. ती अंडी घालत नाही. उडता उडताच नाकपुडीवर जिवंत बारीक अळ्या सोडते. त्या कपाळाच्या पोकळीपर्यंत चढतात, तिथे दोन-अडीच सेंटिमीटरच्या होतात आणि शेवटी शिंकेबरोबर मातीत पडतात. तोवर मेंढीचं नाक गळतं, श्वास घरघरतो, खाणं तुटतं, अंग उतरतं. कधी ती डोकं वाकडं करून अडखळत चालते आणि मेंदूत पाण्याचा फोड झालाय असं वाटून धनगर तिची आशा सोडतो. नाकातल्या अळीवर आयव्हरमेक्टिनसारखं औषध आहे. वजनावर मात्रा ठरते, म्हणून डॉक्टरांना विचारूनच द्यायचं.

हीच माशी कधी कधी माणसाच्या डोळ्यातही अळ्या सोडते. काहीतरी फटकन लागतं, मग कुसळ गेल्यासारखं टोचतं, पाणी थांबत नाही. अळ्या इतक्या बारीक असतात की आरशात बघून सापडत नाहीत. माणसाच्या डोळ्यात त्या मोठ्या होत नाहीत, पण त्यांच्या आकड्या बुबुळाला ओरखडतात. डोळा चोळायचा नाही. डोळ्यांचे डॉक्टर भूल देणारे थेंब घालून चिमट्यानं त्या काढतात. तुमच्या ओळखीत मेंढ्या राखणारं कुणी असेल तर एवढं नक्की सांगा.

आता तुमच्या अंगणाचं. पुन्हा अशी खार सापडली तर जखमेत फिनेल, रॉकेल किंवा डांबरगोळीची पूड अजिबात घालू नका. एवढ्याशा अंगात ते विष भिनतं आणि वर ती चाटते. भोकं पाडलेला पुठ्ठ्याचा खोका, आत सुती फडकं, वरून अंधार. तोंडात दूध ओतायचं नाही. आणि संध्याकाळची वाट न बघता जनावरांच्या डॉक्टरांकडे.