लाल उजेड दिसला म्हणजे लाइन ठीक?

गणपतीला चाकरमानी गावी आले की घरोघरी फायबरची (इंटरनेट आणणाऱ्या काचेच्या तारेची) दुखणी निघतात, आणि त्याच सुमारास तो मेसेज पुन्हा फिरायला लागतो: 'लाल पेन लावा, दुसऱ्या टोकाला उजेड दिसला तर केबल शंभर टक्के ठीक. पावसात काचेत पाणी शिरून नेट मंदावतं. स्पीड चांगला तर लॉस नाहीच. मीटर लावणारे फसवतात.' (पेन म्हणजे तारेत लाल लेझर सोडणारी छोटी बॅटरी, लॉस म्हणजे वाटेत होणारी प्रकाशाची घट, मीटर म्हणजे पोचलेला प्रकाश मोजणारं यंत्र.) गुहागर-दाभोळ पट्ट्यात जॉइंट मारताना मला हे दर दुसऱ्या पडवीत ऐकावं लागतं.

पेन वाईट नाही. जॉइंटच्या कुठल्या डब्यातली कुठली तार हे ओळखायला, जवळची तुटलेली जागा शोधायला मीही तोच वापरतो. पण तो सांगतो एवढंच की तार सलग आहे. उजेड किती पोचला हे डोळ्याला कळत नाही. दहातला एक भाग उरला तरी अंधाऱ्या पडवीत टोक लालभडकच दिसतं. शिवाय पेनाचा प्रकाश ६५० नॅनोमीटर तरंगलांबीचा, आणि घरी येणारा सिग्नल १४९० चा, जो दिसतच नाही.

वेळणेश्वरला एका घरी काकांनी दारातच सुनावलं, "पेन लावून बघितलंय, लाइन बरी आहे. तुमचा डबाच बिघडलाय." मीटरवर मायनस २९ (शून्याच्या जितकं खाली, तितका प्रकाश कमी). घरातलं यंत्र, म्हणजे तोच डबा, साधारण मायनस २७ पर्यंतच सिग्नल ओळखतं. शोधता शोधता खिडकीशी आलो, तर केबल गजाला सुतळीने करकचून आवळलेली. सुतळी सोडली, मायनस २१. आठ डीबीचा (डीबी हे घटीचं माप) फरक, म्हणजे त्या गाठीतून सहातला जेमतेम एक भाग पुढे जात होता. वाकल्या जागी लांब तरंगलांबीचा प्रकाश आधी निसटतो, लाल त्यामानाने तग धरतो. म्हणून ओटीडीआर (तारेत प्रकाश सोडून किती अंतरावर किती घट होते ते दाखवणारं यंत्र) लावताना १३१० आणि १५५० दोन्हीवर बघायचं: १५५० ला घट बरीच जास्त दिसली तर वाक, दोन्हीकडे सारखी दिसली तर बहुधा जॉइंट कच्चा. (त्यावरचं अंतर फायबरचं असतं, रस्त्याचं नव्हे. जॉइंटच्या डब्यांतली वेटोळी वजा न करता भलत्याच जागी खणलेले खड्डे मी पाहिलेत.)

उलटही खरं. लाल दिसला नाही म्हणजे तार तुटली असं नाही. मावळतीला समुद्रावर निळा प्रकाश वाटेत विखुरतो आणि सूर्य लाल दिसतो. काचेत तीच गत लालाची होते. १५५० च्या मानाने तो सुमारे तीसपट विखुरतो. १५५० ला किलोमीटरमागे ०.२ डीबीच्या आसपास घट, लाल मात्र पाच-सहा किलोमीटरांत मिणमिणतो.

पाण्याचं म्हणाल तर पाऊस पडला म्हणून काचेतला प्रकाश मंदावत नाही. पाणी भरतं जॉइंटच्या डब्यात, झाकणाचं रबर गेलं की. आणि तारेवर झावळी नाहीतर आंब्याची फांदी पडून ती ताणली जाते. बिघाड पावसातलाच, कारण वेगळं.

स्पीडवरून लॉस कळत नाही. मायनस १८ असो की २५, स्पीड सारखाच येतो. हद्द ओलांडली की चुका वाढतात आणि लाइन तुटक होते. आज फर्राटा चालणारी मायनस २६ ची लाइन एका झावळीने बसते.

राहिलं फसवणुकीचं. नुसता कनेक्टर पुसून सुधारणारं काम 'केबल बदलावी लागेल' म्हणून सांगणारे आहेत, नाकारत नाही. त्यांना पकडायचं ते मीटरनेच. तरंगलांबी १४९० लावून घ्या, कनेक्टर पुसण्याआधीचा आणि नंतरचा आकडा तुमच्यासमोर कागदावर लिहायला सांगा. टोक मात्र डोळ्याजवळ नेऊन आत बघू नका. पेनाचा लाल दिसतो तरी, लाइनवरचा प्रकाश दिसणारच नाही.