दुसऱ्यांच्या सिनेमांवर सिनेमा कशाला? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. माहितीपटकार शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांच्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत की, दुसऱ्याच्या कामावर माहितीपट काढणं ही उसनवारी आहे, त्यात नुसती भक्ती असते, आणि एका चेक दिग्दर्शकावर सात तास खर्च करायला आपल्याकडचे विषय संपले का? तुम्ही तळमळीनं लिहिलंय, म्हणून सविस्तर उत्तर देतो.

आधी चेक दिग्दर्शकाबद्दल. यिरी मेन्झेल यांचा ‘लार्क्स ऑन अ स्ट्रिंग’ १९६९मध्ये तयार झाला आणि तिथल्या कम्युनिस्ट राजवटीनं तो अडकवून ठेवला. तो १९९०मध्ये बाहेर आला आणि त्याच वर्षी बर्लिन चित्रपट महोत्सवात त्याला गोल्डन बेअर हा तिथला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. मधल्या काळात हा माणूस कसा तगला, कुठे वाकला, कुठे अडून बसला, हे चित्रपट बघून कळत नाही. त्याला आणि त्याच्या सोबत्यांना गाठून विचारावं लागतं. मेन्झेल यांच्यावरच्या ‘चेकमेट’ या सात तासांच्या माहितीपटात डुंगरपूर यांनी ते विचारलंय. मेन्झेल यांच्याच पिढीतले चेक दिग्दर्शक मिलोश फोरमन २०१८मध्ये गेले, मेन्झेल २०२०मध्ये. आता कुणाला विचारणार? काही मुलाखती आटोपशीर हव्या होत्या, हे मलाही वाटतं. पण त्या झाल्या हे फार मोलाचं आहे.

आणि आपल्याकडचा विषय डुंगरपूर यांनी आधीच घेतला होता. त्यांचा ‘सेल्युलॉइड मॅन’ (२०१२) हा माहितीपट पी. के. नायर यांच्यावर आहे. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय नायर यांनी उभं केलं. दादासाहेब फाळक्यांच्या ‘कालिया मर्दन’मध्ये (१९१९) त्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली होती. ती आज आपल्याला दिसते ती नायरसाहेबांमुळे. आपला पहिला बोलपट ‘आलम आरा’ याची मात्र एकही प्रत उरलेली नाही. फिल्मवरच्या थरातली चांदी काढून घेण्यासाठी जुनी रिळं विकली गेली, याचा मला अजून संताप येतो.

भक्तीचं म्हणाल, तर ती पडद्यावर थांबली नाही. २०१४मध्ये डुंगरपूर यांनी मुंबईत जुने चित्रपट जपणारं फिल्म हेरिटेज फाउंडेशन सुरू केलं. श्याम बेनेगलांचा ‘मंथन’ (१९७६) गुजरातच्या पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये काढून उभा केला होता. या संस्थेनं तो दुरुस्त केला, त्याचा ध्वनी जुन्या प्रिंटवरून घेतला. २०२४मध्ये तो फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात दाखवला गेला, मग इथल्या थिएटरांत लागला. स्मिता पाटीलनं त्यात साकारलेली बिंदू स्मिताच्या मृत्यूनंतर जन्मलेल्या पोरांना मोठ्या पडद्यावर बघता आली. नायरसाहेबांवर माहितीपट काढणाऱ्यानंच हे केलं. म्हणून त्याच्या कामाला उसनवारी म्हणायला माझी तयारी नाही.